दिवाणी दावा रखडला तर हायकोर्ट काय करू शकते? पुण्यातल्या पक्षकारांचे नेहमीचे प्रश्न

शिवाजीनगरच्या कोर्टात वकिलाच्या टेबलापाशी बसलेला अशील जे प्रश्न विचारतो, त्यातले बरेचसे इथे घेतले आहेत. काही प्रश्न पहिल्याच भेटीत येतात, तर काही आठ-दहा वर्षांच्या तारखा झाल्यावर.

आमचा वाटपाचा दावा बारा वर्षे चालू आहे. थेट हायकोर्टात जाता येते का?

येते. राज्यघटनेच्या कलम २२७ ने प्रत्येक हायकोर्टाला आपल्या हद्दीतल्या सगळ्या न्यायालयांवर आणि न्यायाधिकरणांवर देखरेखीचा अधिकार दिला आहे. ही देखरेख दुहेरी आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्येच स्पष्ट केले. पक्षकाराच्या याचिकेवर एखादा आदेश देणे हा तिचा एक भाग. न्यायालयांचे कामकाज नीट चालते की नाही, यावर प्रशासकीय नजर ठेवणे हा दुसरा.

पण दाव्याला बारा वर्षे झाली, एवढ्यावर याचिका चालत नाही. बारा वर्षे का झाली, हे हायकोर्ट विचारते. उत्तर कागदावर नसेल तर याचिका पहिल्याच तारखेला संपू शकते.

कलम २२६ की २२७? वकिलांनी दोन्ही लिहिली आहेत.

सवयीने लिहितात. दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक आदेशाविरुद्ध २२६ खाली रिट, म्हणजे हायकोर्टाचा खास हुकूम, मागता येत नाही, हे २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या खंडपीठाने ठरवले. रखडलेल्या दाव्यासाठी दार २२७ चेच. मुंबई हायकोर्टाच्या अपील शाखेत अशा याचिकेलाही ‘रिट याचिका’ म्हणून नंबर पडत आला, त्यामुळे हा गोंधळ चालत राहिला.

खालच्या कोर्टाचा आदेश हायकोर्टाने तपासावा अशा पुनरीक्षण अर्जाचा, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११५ चा, रस्ता १ जुलै २००२ पासून फार अरुंद झाला आहे. अर्जदाराच्या बाजूने आदेश झाला असता तर दावाच निकाली निघाला असता, अशाच आदेशावर आता पुनरीक्षण चालते. मधल्या आदेशांविरुद्धची गर्दी मग २२७ कडे वळली. दावे लवकर संपावेत म्हणून एक दार बंद केले आणि रांग शेजारच्या दाराशी लागली, असेच म्हणायला हवे.

हायकोर्ट पहिल्यांदा काय बघते?

रोजनामा. दाव्याच्या प्रत्येक तारखेला काय घडले, कोण हजर होते, कोणी मुदत मागितली, कोर्टाने काय नोंदवले, हे सगळे त्यात असते. पक्षकाराची तक्रार भावनिक असू शकते, रोजनामा नसतो.

बारा वर्षांचा रोजनामा एकदा शांतपणे वाचून काढा. बहुतेक पक्षकारांनी तो कधी पाहिलेलाच नसतो. त्यात साधारण काय सापडते? समन्स परत आले, पत्ता दुरुस्त केला, पुन्हा काढले. प्रतिवादी क्रमांक चार मयत, वारसांची नावे लावायची राहिली. न्यायाधीशांची बदली झाली आणि ती जागा काही महिने रिकामी राहिली. कोर्ट कमिशनर म्हणून भूमी अभिलेखकडे मोजणीचे काम दिले, अहवाल आला नाही. आणि मध्येच, न आवडणारी ओळ: ‘वादी व वादीचे वकील गैरहजर’. या शेवटच्या ओळी जास्त असतील तर मुंबईला जाण्याचा खर्च वाचवा. समोरची बाजू हायकोर्टात आधी त्याच वाचून दाखवते.

विलंब समोरच्या पक्षामुळे असेल तर त्यावर इलाज खालच्या कोर्टातच आहेत. तुमच्यामुळे असेल तर इलाज तुमच्याच हातात आहे. तुम्ही तयार, समोरच्याच्या मुदती नामंजूर करा असे अर्ज तुम्ही दिलेले, तरी कोर्टाच्या बोर्डावर, म्हणजे रोजच्या कामाच्या यादीत, दाव्याला नुसती पुढची तारीख पडते आहे, अशा वेळी मात्र हायकोर्टाचा हात उपयोगी पडतो.

मग खालच्या कोर्टात आधी काय करायचे?

दावा लवकर चालवावा असा लेखी अर्ज द्या. कारण ठोस लिहा: वय, आजार, घराची पडझड, जमीन तिसऱ्याला विकली जाण्याची भीती. अर्जाला निशाणी क्रमांक, म्हणजे दाव्याच्या फाइलमधला नोंद क्रमांक, पडला पाहिजे. तोंडी विनंती रोजनाम्यात बहुधा उतरत नाही.

मग समोरच्याच्या प्रत्येक मुदत अर्जावर ‘हरकत’ लिहा. आपले वकील समोरच्या वकिलांना रोज भेटतात, दोघे एकाच बार रूममध्ये चहा पितात, त्यामुळे ‘हरकत नाही’ असा शेरा सहज पडतो. तो शेरा तुमच्या विरुद्ध पुरावा होतो.

संहितेच्या आदेश १७ (इथे ‘आदेश’ म्हणजे संहितेतले प्रकरण) नियम १ प्रमाणे सुनावणीच्या काळात एका पक्षाला तीनपेक्षा जास्त वेळा मुदत देता येत नाही. वकील दुसऱ्या कोर्टात गुंतले आहेत हे मुदतीचे कारण होऊ शकत नाही, असेही तिथे स्पष्ट लिहिले आहे. शिवाजीनगरमध्ये हा नियम वाचून दाखवला तर लोक हसतील, पण तो कायदा आहे. ‘सेलम अ‍ॅडव्होकेट बार असोसिएशन’ प्रकरणात २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तीनची मर्यादा अगदी पोलादी नाही असे सांगितले खरे, पण त्यासाठी दिलेली उदाहरणे भोपाळची वायुदुर्घटना आणि गुजरातचा भूकंप अशी होती. ‘साहेब बाहेरगावी आहेत’ हे त्या यादीत बसत नाही.

शिवाय कलम ३५ब आहे. विलंब लावणाऱ्या पक्षावर खर्च बसवता येतो आणि तो भरल्याशिवाय त्या पक्षाला पुढे दावा किंवा बचाव चालवता येत नाही. हा खर्च मागा. नामंजूर झाला तर तो आदेशही तुमच्या याचिकेचा कागद होतो.

प्रतिवादीने वर्षभर कैफियतच दिली नाही. नव्वद दिवसांची मुदत असते ना?

असते. कैफियत म्हणजे दाव्याला प्रतिवादीचे लेखी उत्तर. त्यासाठी तीस दिवस, आणि कोर्टाने कारणे नोंदवून वाढवली तर समन्स बजावल्यापासून नव्वद दिवस. पण साध्या दिवाणी दाव्यात ही मुदत मार्गदर्शक आहे, अपवाद म्हणून त्यानंतरही कैफियत घेता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये ठरवले. व्यापारी स्वरूपाच्या दाव्यात मात्र १२० दिवसांनंतर दार खरोखर बंद होते. ‘कैफियतीविना’ आदेश झाला तरी प्रतिवादी तो रद्द करून घ्यायला येतो आणि थोडा खर्च भरून बहुधा आत शिरतो. एवढ्यासाठी हायकोर्ट गाठू नका. खर्च घ्या आणि पुढची पायरी गाठा.

हायकोर्ट ‘सहा महिन्यांत निकाल द्या’ असा आदेश देते का?

याच आशेने सगळे जातात. पूर्वी असे आदेश बऱ्यापैकी सहज मिळत. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ‘हायकोर्ट बार असोसिएशन, अलाहाबाद’ प्रकरणात सांगितले की, दुसऱ्या न्यायालयात चालू असलेल्या खटल्यांसाठी वरच्या न्यायालयांनी एरवी कालमर्यादा घालू नये. कोणते काम आधी घ्यायचे हे ज्याच्या बोर्डावर ते आहे त्यालाच चांगले कळते. अपवादात्मक परिस्थितीत तसा आदेश देता येतो, पण परिस्थिती खरोखर अपवादात्मक हवी.

हा निकाल अनेक अशिलांना कठोर वाटतो. मला तो बरोबर वाटतो. एका न्यायाधीशाच्या बोर्डावर शेकडो दावे असतात. ज्याला मुंबईचा वकील परवडला त्याचा दावा हायकोर्टाच्या आदेशाने वर आला, की ज्याला परवडला नाही त्याचा खाली जातो. कोर्टाचे तास तेवढेच राहतात. नुसत्या कालमर्यादेचे आदेश वाढले तर रांगेत घुसण्याचा अधिकृत मार्ग तयार होतो.

तरी असे आदेश आजही होतात: अतिवृद्ध वादी, पुरावा संपून नुसता युक्तिवाद राहिलेला दावा, हायकोर्टाने पूर्वी एकदा फेरचौकशीसाठी परत पाठवलेले प्रकरण. त्यामुळे याचिकेत विनंती मोजकी करा. ‘दावा सहा महिन्यांत निकाली काढा’ यापेक्षा ‘अमुक निशाणीचा अर्ज चार आठवड्यांत ठरवा’ ही मागणी मान्य होण्याची शक्यता जास्त.

आदेश मिळाला, सहा महिने उलटले, निकाल नाही. अवमान याचिका करू?

घाई नको. न्यायाधीश हायकोर्टाला पत्र पाठवून मुदतवाढ मागतात, कारणे देतात आणि ती बहुधा मिळते. त्या सहा महिन्यांत तुमच्याच बाजूने दोनदा मुदत मागितली असेल तर ते त्या पत्रात हमखास येते.

हायकोर्टात याचिका केली की खालचे काम थांबते का?

थांबत नाही. स्थगिती मिळाली तरच थांबते. प्रत्यक्षात ‘हायकोर्टात मॅटर आहे’ एवढ्यावर खाली तारखा पडत राहतात, आणि विलंब हवा असलेला पक्ष नेमके हेच करतो: एखाद्या किरकोळ आदेशाविरुद्ध २२७ ची याचिका दाखल करायची, ती बोर्डावर येऊ द्यायची नाही आणि खाली तिचा नंबर सांगत राहायचा. विलंबावरचे औषधच अशा वेळी विलंबाचे कारण होते. समोरच्याने असे केले तर खालच्या कोर्टात अर्ज द्या की स्थगिती नाही, काम चालवा.

स्थगिती असेल तर? २०१८ च्या एका निकालाने दिवाणी आणि फौजदारी प्रकरणांतली स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठत असे. वर सांगितलेल्या २०२४ च्या निकालाने ते रद्द केले. आता स्थगिती उठवण्यासाठी हायकोर्टातच अर्ज करावा लागतो.

निशाणी ५ वर निकालच होत नाही.

मनाई हुकूमाचा अर्ज, आपल्या बोलीत निशाणी ५, हे दिवाणी दाव्याचे नाक आहे. समोरच्याला न ऐकता मनाई दिली असेल तर अर्ज तीस दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, नाही जमले तर कारणे नोंदवावीत, असे आदेश ३९ नियम ३अ सांगतो. महिनोन् महिने एकतर्फी हुकूम चालू राहिला किंवा अर्ज नुसता पडून राहिला, तर २२७ खाली हायकोर्ट बऱ्यापैकी लवकर लक्ष घालते. मागणी छोटी आहे, कालावधी मोजता येतो आणि नुकसान दिसते.

आमच्या जुन्या दाव्यात ‘९अ’ म्हणून काहीतरी वर्षे चालले होते. ते काय?

महाराष्ट्राची घरची भानगड. १९७७ मध्ये राज्याने संहितेत कलम ९अ घातले. मनाईच्या अर्जाच्या वेळी प्रतिवादीने अधिकारक्षेत्राचा मुद्दा काढला की तो आधी ठरवायचा, मग बाकीचे. प्रतिवादींना आयती सोय झाली. त्या एका मुद्द्यावर पुरावा, मग त्यावर वरच्या कोर्टात जाणे, आणि मूळ दावा जिथल्या तिथे. २०१८ मध्ये हे कलम काढून टाकले. त्या काळातले दावे पाहताना, मधली चार-पाच वर्षे कुठे गेली याचे उत्तर अनेकदा इथे मिळते.

युक्तिवाद होऊन चार महिने झाले, निकाल नाही.

आदेश २० नियम १ प्रमाणे सुनावणी संपल्यावर लगेच नाही तर तीस दिवसांत, आणि असाधारण कारण असेल तर एरवी साठ दिवसांच्या आत निकाल द्यायचा असतो. आधी त्याच कोर्टात नम्र भाषेत अर्ज द्या. त्यानंतर प्रमुख जिल्हा न्यायाधीशांकडे प्रशासकीय बाजूने निवेदन. दरम्यान न्यायाधीशांची बदली झाली तर नव्या न्यायाधीशांपुढे पुन्हा युक्तिवाद करावा लागतो, म्हणून इथे वाट बघत बसू नका.

पुण्याचे जिल्हा न्यायाधीश काही करू शकत नाहीत का? सगळ्याला मुंबई कशाला?

करू शकतात, आणि लोक हा मार्ग विसरतात. संहितेच्या कलम २४ खाली जिल्हा न्यायालय आपल्या हाताखालच्या एका कोर्टातला दावा काढून दुसऱ्या सक्षम कोर्टाकडे देऊ शकते. एका कोर्टाचे बोर्ड तुंबलेले, दुसऱ्याचे हलके, किंवा एकाच मिळकतीचे दोन दावे दोन कोर्टांत, अशा वेळी हा अर्ज कामाचा. ‘न्यायाधीश माझे ऐकत नाहीत’ हे मात्र कारण होत नाही.

कलम २२७ चा अधिकार जिल्हा न्यायाधीशांना नाही. पण तपासणी, कामाचे वाटप, मासिक तक्ते हे त्यांच्याकडून जाते.

हायकोर्टाची प्रशासकीय देखरेख म्हणजे नेमके काय चालते?

पक्षकाराला न दिसणारा हा भाग मला याचिकांपेक्षा महत्त्वाचा वाटतो. कलम २२७ हायकोर्टाला खालच्या न्यायालयांकडून तक्ते मागवण्याचा आणि नियम करण्याचा अधिकार देते. राज्यघटनेच्याच कलम २३५ ने नेमणूक, बढती, रजा यांवरचे नियंत्रण हायकोर्टाकडे आहे. मुंबई हायकोर्टाचे सिव्हिल मॅन्युअल दिवाणी कोर्टांचे रोजचे काम कसे चालावे हे ठरवते. प्रत्येक जिल्ह्यासाठी हायकोर्टाचे पालक न्यायमूर्ती असतात. न्यायाधीशाने महिन्यात किती आणि कोणत्या प्रकारची प्रकरणे निकाली काढली याचे गुण ठरलेले असतात, आणि ते गोपनीय अहवालात उतरतात.

या गुणपद्धतीची एक खोड आहे. दोन्ही बाजूंनी लढलेला, साठ निशाण्यांचा जुना वाटपाचा दावा निकाली काढायला आठवडे लागतात. तेवढ्या वेळात तडजोडीची आणि एकतर्फी अशी कितीतरी प्रकरणे संपतात. जुन्या दाव्याला जास्त गुण दिले तरी ओढ हलक्या कामाकडे राहतेच. म्हणून वरून केवळ ‘निकालांची संख्या वाढवा’ असा दट्ट्या आला की सर्वात जुने दावे आणखी जुने होतात.

२० ऑक्टोबर २०२३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने जुन्या दाव्यांचाच प्रश्न हाती घेतला. समोर आलेला दावा १९८२ चा होता. पाच वर्षांपेक्षा जुन्या प्रकरणांची माहिती दरमहा प्रमुख जिल्हा न्यायाधीशांकडे जावी आणि मुख्य न्यायमूर्तींनी नेमलेल्या समितीने दोन महिन्यांतून एकदा तरी बसून आढावा घ्यावा, असे निर्देश तेव्हा दिले गेले. तुमचा दावा पाच वर्षांपलीकडचा असेल तर लवकर चालवण्याच्या अर्जात या निकालाचा उल्लेख जरूर करा.

पुणे जिल्ह्यात किती दावे किती वर्षांचे आहेत, हे राष्ट्रीय न्यायिक डेटा ग्रिडवर कोणालाही पाहता येते. ज्येष्ठ नागरिकांची प्रकरणे तिथे वेगळी दाखवलेली असतात.

न्यायाधीशांविरुद्धच तक्रार केली तर?

दावा हळू चालतो म्हणून? करू नका. भ्रष्टाचार किंवा गैरवर्तनाची तक्रार असेल तर ती हायकोर्टाच्या रजिस्ट्रार जनरलकडे, शपथपत्रासह आणि पडताळता येईल अशा मजकुरासह द्यावी लागते. निनावी पत्रांची दखल घेतली जात नाही. न्यायिक कामातल्या विलंबासाठी न्यायाधीशावर भरपाईचा दावा लावता येत नाही, त्यांना कायद्याचे संरक्षण आहे.

हुकूमनामा मिळून सात वर्षे झाली. ताबा अजून नाही.

दरखास्तीचा, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी करून घेण्याच्या अर्जाचा प्रश्न. दावा जिंकलेल्या माणसाचे हाल इथे सुरू होतात. नवे हरकतदार उगवतात, बेलिफ जातो तेव्हा कुलूप असते, पोलीस बंदोबस्ताची तारीख जुळत नाही. वाटपाच्या हुकूमनाम्यात शेतजमीन असेल तर प्रत्यक्ष वाटप संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते आणि कागद कोर्टाच्या बोर्डावरून महसूल खात्याच्या टेबलावर पोचतो.

पण हायकोर्टाच्या देखरेखीचा जोर सध्या सर्वात जास्त इथेच आहे. एप्रिल २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दरखास्त दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत निकाली काढायला सांगितले. ते पाळले जात नाही हे दिसल्यावर मार्च २०२५ मध्ये सर्व हायकोर्टांनी आपापल्या जिल्ह्यांतून आकडे मागवावेत आणि सहा महिन्यांत निपटारा करून घ्यावा, असा आदेश झाला. ऑक्टोबर २०२५ मध्ये आकडे समोर आले: देशात ८.८२ लाखांहून अधिक दरखास्ती पडून, त्यांपैकी ३.४१ लाख एकट्या महाराष्ट्रात. इतर कोणत्याही राज्यापेक्षा हे कितीतरी जास्त.

म्हणून दरखास्तीत कालमर्यादेची मागणी करताना संकोच नको. दाव्यात जी गोष्ट अपवाद आहे, ती दरखास्तीत सर्वोच्च न्यायालयानेच नियम करून ठेवली आहे.

कोल्हापूरला खंडपीठ झाले म्हणतात. पुण्याचे लोक तिकडे जाऊ शकतात?

नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) सुरू झाले, पण ते कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी. पुणे मुंबईकडेच. पुण्यातल्या वकिलांची खंडपीठाची मागणी जुनी आहे आणि अजून मागणीच आहे. तोवर सव्वासातची डेक्कन क्वीन.

खर्च झेपत नाही. वकील न लावता याचिका करता येते?

स्वतः उभे राहता येते, पण हायकोर्टात त्यासाठी वेगळी परवानगीची पायरी आहे, आणि २२७ मध्ये काय मागू नये हे कळणे काय मागावे यापेक्षा अवघड. त्याऐवजी शिवाजीनगर कोर्टाच्या आवारातले जिल्हा विधी सेवा प्राधिकरण गाठा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. अनुसूचित जाती-जमाती आणि दिव्यांग यांनाही.

जगातला सर्वात लांब खटला पुण्याचा होता, हे खरे?

गिनीजच्या नोंदीत तसे आहे: १२०५ साली सुरू झालेला मानाच्या हक्काचा वाद, २८ एप्रिल १९६६ रोजी पुण्यात निकाल, म्हणजे ७६१ वर्षे. यादवांच्या काळातला कज्जा आणि इंग्रजी संहितेखालचा दावा हे एकच प्रकरण धरायला माझे मन तयार नाही. पण वाद तेवढा जुना असू शकतो. पुण्यात मानासाठी भांडायला काळाचे बंधन नाही.

मुंबईच्या वकिलांकडे जाताना काय न्यायचे?

संपूर्ण रोजनाम्याची प्रमाणित नक्कल. ई-कोर्ट अ‍ॅपवर दाव्याचा सोळा अंकी-अक्षरी ओळख क्रमांक, म्हणजे सीएनआर, टाकला की तारखा दिसतात, पण त्यावर याचिका उभी राहत नाही, नक्कल विभागात अर्ज करावाच लागतो. सोबत दावा, कैफियत, काढलेले मुद्दे, लवकर चालवण्याचे तुमचे अर्ज आणि त्यांवरचे आदेश. वयाचा किंवा आजाराचा आधार घेणार असाल तर त्याचा कागद. आणि स्वतःच्या हाताने केलेला एक तक्ता: तारीख, काय झाले, कोणामुळे. त्यात ‘आमच्यामुळे’ हा रकानाही प्रामाणिकपणे भरा, कारण समोरचा वकील तो भरूनच आणणार आहे.